डचेस आणि पाच मैल

थ्रिप घराण्यात वाढदिवस रविवारपर्यंत ढकलायची पद्धत नव्हती. तारीख मंगळवारी आली तर वाढदिवस मंगळवारी. मग शेतात गवत कापायला आलेलं असो नाहीतर गावात कुणाचं दफन असो. त्यामुळे डॉर्कसच्या ऐंशीव्या वाढदिवसाला सगळे भर मंगळवारी दुपारी तिच्या फाटकाशेजारच्या चिमुकल्या घरात गुडघ्याला गुडघा लावून बसले होते. टेबलावर भाजलेलं कोकरू होतं, पुदिन्याची चटणी होती, आणि कुणीही बोलत नव्हतं. थ्रिपांच्या घरात असं सहसा होत नाही.

कारण खिडकीतून दिसत होतं. फाटकाच्या तोंडाशी, गवतात, मैलाचा दगड पालथा पडला होता.

तो गुरुवारी पडला. डॉर्कसचा भाचा जाइल्स खताचा ट्रेलर मागे घेत होता, तेव्हा धक्का लागला. मुद्दाम पाडला नाही, असं तो शपथेवर सांगत होता आणि डॉर्कसचा त्याच्यावर विश्वास होता. मुद्दाम पाडायला गेला असता तर त्याचा नेम नक्की चुकला असता.

पडला तर पडला, चार माणसांनी उभा केला असता. पण पालथा पडल्यामुळे त्याची पाठ वर आली. दगड उभा होता तेव्हा ही पाठ कुंपणाच्या झाडीत तोंड लपवून होती. रस्त्याकडच्या बाजूवर 'हेक्सबरी ५ मैल' असं कोरलेलं, हे गावातल्या पोराटोरांना पाठ होतं. पाठीवर मात्र, शेवाळ खरवडल्यावर, हे निघालं:

'डचेस. १९२२–१९३१. सात वेळा पहिलं बक्षीस. तिने कधी कुणाचं वाईट केलं नाही, एका पोस्टमनखेरीज.'

डचेस ही डॉर्कसच्या वडिलांची, म्हणजे अ‍ॅम्ब्रोज थ्रिपांची, डुकरीण होती.

आता यात हसण्यासारखं पुष्कळ होतं आणि गावाने ते शुक्रवारीच हसून घेतलं होतं. पण ओव्हर टॅडलिंग गावात सरकारने संरक्षित म्हणून नोंदवलेल्या अकराच गोष्टी होत्या. चर्च, भटक्या गुरांचा कोंडवाडा, घोड्यांची दगडी डोणी, लाल टेलिफोनची पेटी असं करत करत अकरावा नंबर या दगडाचा. यादीत त्याच्यापुढे लिहिलं होतं, 'अठराव्या शतकाचा मध्य. साधं, पण आत्मविश्वासाने केलेलं काम.' जाइल्सच्या बापाने, म्हणजे डॉर्कसच्या थोरल्या भावाने, विल्फ्रेडने, तो कागद काचेच्या चौकटीत घालून संडासात लावला होता. दर वर्षी डॉर्कसच्या वाढदिवसाला जेवण झालं की सगळं कुटुंब बाहेर पडायचं आणि दगडाला नवा पांढरा रंग द्यायचं. ब्रश डॉर्कसच्या हातात. अक्षरं काळ्या रंगात भरताना कुणी बोलायचं नाही, असाही नियम होता, आणि तो एवढाच नियम थ्रिपांनी कधी मोडला नव्हता.

"आत्याबाई, मटण घ्या ना अजून," अ‍ॅनाबेल म्हणाली. अ‍ॅनाबेल ही जाइल्सची बायको. ती 'आत्याबाई' म्हणाली की डॉर्कस आपली पर्स जवळ ओढून घ्यायची.

"घेतलंय."

"नाही, म्हणजे आज ऐंशी झाली. आता तुम्ही स्वतःला जपलं पाहिजे. त्या गार हवेत ब्रश घेऊन वाकायचं म्हणजे..."

"आज वाकायची गरज नाही," डॉर्कस म्हणाली. "दगड आधीच आडवा आहे."

जाइल्सला खोकला आला. खोकल्यामागे हसू होतं की भीती, हे त्याचं त्यालाच ठाऊक.

प्रश्न फाटकाचा होता. जाइल्स आणि अ‍ॅनाबेलला जुन्या कोठारात लग्नं लावायची होती. म्हणजे भाड्याने, लोकांची. त्यासाठी तंबूचे ट्रक आत यायला हवेत आणि ट्रक यायचे तर फाटक दुप्पट रुंद हवं. रुंद करायचं तर दगड हलवावा लागणार, डॉर्कसची पुढची बाग जाणार आणि दर शनिवारी शंभर-सव्वाशे गाड्या तिच्या स्वयंपाकघराच्या खिडकीला खेटून जाणार. जिल्हा कचेरीने दोनदा नाही म्हटलं होतं, दोन्ही वेळा दगडामुळे. संरक्षित दगड, संरक्षित जागा. बोट लावायचं नाही. फाटकाचा विषय निघाल्यापासून डॉर्कस या दगडाच्या आडोशाला आठ वर्षं सुखाने जगली होती. आणि आता तीन वाजता कचेरीतल्या क्रॅब बाई येणार होत्या, डचेसची पाठ बघायला.

डॉर्कसची धाकटी बहीण म्युरिएल इतका वेळ डॉर्कसच्या बाजूला बसली होती आणि बाजूनेही होती. "काही झालं तरी ताईच्या बागेला हात लावायचा नाही," असं ती सूप येताना म्हणाली होती. मटणाबरोबर तिला बाबांची आठवण आली. बाबांनी सरकारला फसवलं, तेही डुकरिणीच्या थडग्याचा दगड वापरून, या विचाराने ती बटाटे वाढून घेईपर्यंत रडवेली झाली. मग अ‍ॅनाबेलने सहज बोलता बोलता सांगितलं की लग्नांच्या फुलांची सगळी व्यवस्था म्युरिएलमावशींकडेच द्यायची असं आमचं ठरतंय, मावशींसारखी नजर कुणाला आहे. (म्युरिएल तिची मावशी नव्हती, आतेसासू होती, पण कामाच्या वेळी नाती बदलायला अ‍ॅनाबेलला जड जात नसे.) म्युरिएलने डोळे पुसले, खुर्ची अर्धा फूट सरकवली आणि म्हणाली,

"ताई, खोटं ते खोटंच. बाबांचं असलं म्हणून काय झालं."

"तुला कोणती फुलं?" डॉर्कसने विचारलं.

"पांढऱ्या लिली," म्युरिएल म्हणून गेली आणि लाल झाली.

डॉर्कसला राग आला नाही. म्युरिएल लहानपणापासून अशीच. ज्याच्या हातात वाडगा त्याच्या मांडीवर. वाईट वाटलं ते वेगळ्याच गोष्टीचं. या टेबलाभोवती ज्याला त्याला वाटत होतं की म्हातारीला बागेची आणि शांततेची काळजी आहे. ती होतीच. या घरात ती जन्मली होती आणि याच खिडकीशी मरायचं तिने ठरवलं होतं, लोकांच्या नवरदेवांचे भोंगे ऐकत नाही. पण त्याखाली आणखी एक गोष्ट होती, आणि ती तिने बहात्तर वर्षांत कुणाला सांगितली नव्हती. सांगायला बंदी होती.

फिलिपा क्रॅब बरोबर तीनला आल्या. चाळिशीच्या, खांद्याला पिशवी, पायात सपाट, शहाणे बूट. त्यांनी आधी डॉर्कसला वाढदिवसाच्या शुभेच्छा दिल्या, मग केकचा तुकडा घेतला, मगच बाहेर जाऊन दगडासमोर उकिडव्या बसल्या. पाठ वाचली. पुन्हा वाचली. त्यांचे खांदे हलले, पण चेहरा त्यांनी सरकारी ठेवला. मग जाइल्सने पहारीने दगड थोडा उचलून धरला आणि त्यांनी पुढची अक्षरं टॉर्चने पाहिली, बोट फिरवून पाहिली, रंगाचे पापुद्रे मोजले.

"हे अठराव्या शतकातलं नाही," त्या उठत म्हणाल्या. त्यांना खरंच वाईट वाटत होतं. "पाठ एकतीस सालची आहे आणि पुढचा भाग त्यानंतरचा. मिस थ्रिप, मला याचं नाव यादीतून काढायची शिफारस करावी लागेल. माझ्या हातात काही नाही."

"मग फाटकाचं काय?" अ‍ॅनाबेलने विचारलं. प्रश्न तिच्या तोंडातून केकच्या आधी बाहेर आला.

"दगडच संरक्षित नसेल तर फाटकाला आमची हरकत राहणार नाही."

जाइल्सने आत्याकडे पाहिलं नाही. तेवढी लाज त्याच्यात होती, बापाकडून आलेली. तो खिशातून मोजपट्टी काढून उगाच खांबाची उंची मोजू लागला. म्युरिएल मात्र लिलींच्या, म्हणजे अ‍ॅनाबेलच्या, बाजूला जाऊन उभी राहिली होती.

डॉर्कस दारातल्या खुर्चीत बसून राहिली.

चाळीस साली ती आठ वर्षांची होती. उन्हाळ्यात हुकूम आला की रस्त्यावरच्या गावांच्या पाट्या काढा, मैलाचे दगड गाडा; विमानातून जर्मन उतरले तर आपण कुठे आहोत हे त्यांना कळता कामा नये. अ‍ॅम्ब्रोज थ्रिपांनी हे काम फार मनावर घेतलं. विल्फ्रेड गोवराने अंथरुणात होता, म्युरिएल पाळण्यातून नुकती उतरली होती, म्हणून घोड्याचा लगाम डॉर्कसने धरला. दगड घसरगाडीवर ओढत नेला, खोल खड्डा खणला, पुरला, वर माती थापली. बाबांनी कपाळ पुसलं आणि तिला जवळ बोलावलं.

"हे कुणालाही सांगायचं नाही."

"आईला?"

"आईला तर मुळीच नाही."

"आणि तुम्ही विचारलंत तर?"

अ‍ॅम्ब्रोजनी यावर बराच विचार केला. मुलगी शहाणी होती, प्रश्न बिनतोड होता. "मी विचारलं तरी नाही," ते शेवटी म्हणाले. "जर्मन लबाड असतात. माझा कोट घालून येतील."

आईला ठाऊक नसल्यामुळे आईने पुढच्या वसंतात ती भुसभुशीत जमीन बघून तिथे आंबट लाल देठांचा रुबार्ब लावला. बाबांनी खूण म्हणून ज्या अक्रोडापासून वीस पावलं मोजली होती, तो अक्रोड त्रेचाळीसच्या वादळात आडवा झाला. आणि पंचेचाळीसमध्ये 'दगड परत लावा' असा हुकूम आला तेव्हा अ‍ॅम्ब्रोज थ्रिपांना जागा आठवेना. त्यांनी अकरा खड्डे खणले. बारावा रुबार्बमध्ये खणला असता, पण तिथे आई लाटणं घेऊन उभी होती.

मग ते मोरीपाशी आले. डॉर्कस तेरा वर्षांची झाली होती आणि बशा विसळत होती.

"डॉर्कस, तो दगड आपण कुठे पुरला गं?"

तिने ओल्या हाताने केस मागे सारले. "तुम्ही जर्मन नाही कशावरून?"

अ‍ॅम्ब्रोजनी तिच्याकडे बराच वेळ पाहिलं. मग डोक्यावरची टोपी काढली, बायकोसमोरही कधी काढत नसत ती, आणि बाहेर गेले. त्या संध्याकाळी पबमध्ये त्यांनी सगळ्यांना सांगितलं की माझी मुलगी सख्ख्या बापालाही दाद देत नाही. एवढा अभिमान त्यांना डचेसचाही वाटला नव्हता. पण हुकूम तो हुकूम. दगड तर हवा. फळबागेत डचेसचा दगड होता, घडलेला, हातचा. अंतर कुणालाच आठवेना, कारण वीस वर्षं रोज पाहिलेली गोष्ट कुणी वाचत नाही. पबमध्येच मतं घेतली. सहाच्या बाजूने सात, पाचच्या बाजूने नऊ. अ‍ॅम्ब्रोजनी जीभ दातांत धरून आठवडाभर ठोकाठोक केली आणि आत्मविश्वासाने पाच कोरले. तेव्हापासून टॅडलिंगची माणसं हेक्सबरीला कायम उशिरा पोचतात आणि दोष घोड्याला, मग बसला, मग रस्त्याच्या कामांना देत आली आहेत. पबमधल्या सोळाही जणांनी तोंडाला कुलूप घातलं आणि ते आपापल्या थडग्यात घेऊन गेले.

एकाहत्तर साली अ‍ॅम्ब्रोज थ्रिप शेवटच्या दुखण्यात होते. एकदा डोळे उघडून म्हणाले, "जर्मन गेले असतील ना आता?"

"कोण म्हणतं?" डॉर्कस म्हणाली.

ते हसता हसता खोकले, खोकता खोकता हसले, आणि दुसऱ्या दिवशी गेले. तेव्हा सांगायला हवं होतं का, हा विचार तिला पुढची एक्केचाळीस वर्षं सोडून गेला नाही. त्यांच्या उशाशी वाकून दोन शब्द सांगितले असते तर काय बिघडलं असतं. दर मे महिन्यात ब्रश फिरवताना ती मनातल्या मनात बाबांची माफी मागायची, आणि बाबा दर वेळी टोपी काढायचे.

आता दोन शब्दांनी सगळं वाचलं असतं. बाग, खिडकी, बाबांचं नाव. तोंड उघडायचं आणि जागा सांगायची. तिने तोंड उघडलंही. समोर क्रॅब बाई होत्या, अ‍ॅनाबेल होती, म्युरिएल होती. डॉर्कसने तोंड मिटलं. शब्द दिला होता आणि त्यातून मोकळं करणारा उरला नव्हता.

पण रुबार्बबद्दल बाबा काही बोलले नव्हते.

"जाइल्स," तिने हाक मारली, "नव्या फाटकाचा डावा खांब कुठे येणार?"

जाइल्स चमकला. भीतभीत त्याने बोट दाखवलं. खांब रुबार्बच्या वाफ्याच्या बरोबर मधोमध येणार होता.

"मग तो रुबार्ब आजच काढ. तुझ्या आजीने लावलेला आहे, ट्रकखाली नको. मुळासकट काढ, म्हणजे मागे लावते."

म्हातारीने हार मानली होती, तीही मोठ्या मनाने, वाढदिवसाच्या दिवशी. अ‍ॅनाबेलच्या डोळ्यांत चक्क पाणी आलं. ती खाली वाकून आत्याबाईंच्या गालाला गाल लावून आली, आणि या वेळी डॉर्कसने पर्सला हात लावला नाही. म्युरिएलला मात्र काहीतरी टोचलं असावं. तिने लिलींचा विषय काढला नाही.

जाइल्सने फावडं आणलं. क्रॅब बाई निघाल्या होत्या, पण डॉर्कसने त्यांना रुबार्बचं गोड खाऊन जायचा आग्रह केला. वर कुरकुरीत थर, त्यावर गरम कस्टर्ड; सरकारी माणसाला नाही म्हणवत नाही असली गोष्ट. त्या वाटी हातात घेऊन कुंपणाशी उभ्या राहिल्या. मनगटाएवढी लाल देठं आणि छत्रीएवढी पानं बाजूला करत जाइल्स खणू लागला.

"मुळं खोल आहेत," डॉर्कस खुर्चीतून म्हणाली. "अजून."

जाइल्सने आणखी खणलं. कोट काढला.

"आत्या, मूळ निघालं की सगळं."

"बारीक मुळं राहिली आहेत. रुबार्बचं असंच असतं. अजून फूटभर."

"एवढं खोल?"

"तुझा बाप असता तर एव्हाना झालं असतं."

हे लागलं. जाइल्सने दात-ओठ खात फावडं वर उचललं आणि जमिनीत घातलं. खण्ण आवाज झाला, इतका की त्याच्या हाताला मुंग्या आल्या. त्याने शिवी दिली, माती बाजूला केली, पुन्हा शिवी दिली, पण या वेळची अर्ध्यातच थांबली.

क्रॅब बाईंनी वाटी कुंपणाच्या खांबावर ठेवली. शहाण्या बुटांसकट त्या खड्ड्यात उतरल्या आणि हातांनी माती सारू लागल्या. बहात्तर वर्षं ना पाऊस, ना बर्फ, ना ट्रेलर. अक्षरं काल कोरल्यासारखी होती. हेक्सबरी. आणि खाली आकडा, सहा.

"हाच," त्या म्हणाल्या. आवाज सरकारी राहिला नव्हता. "अठराव्या शतकाचा मध्य. नोंदीत लिहिलंय तो हाच, आणि जागा ती फाटकाशी. हा तिथेच परत उभा राहील."

"आणि फाटक?" अ‍ॅनाबेलने विचारलं, पण उत्तर तिला आधीच कळलं होतं.

"फाटक आहे तेवढंच राहील."

जाइल्स जाऊन डचेसच्या पाठीवर बसला. जरा वेळाने तो हसू लागला. आधी तोंड दाबून, मग उघड, अगदी आजोबांसारखं खोकत. अ‍ॅनाबेलने त्याच्याकडे पाहिलं, बायको ज्या नजरेने पाहते तसं, आणि मग तीही त्याच्या शेजारी दगडावर टेकली. कोठाराला मागच्या बाजूनेही दार आहे, असं काहीसं ती म्हणत होती. डचेसला पुन्हा फळबागेत तिच्या जागी नेऊन ठेवायचं, हे तिथेच ठरलं. म्युरिएलने आपली खुर्ची उचलली, डॉर्कसच्या जवळ आणून ठेवली आणि म्हणाली की बाबा काही उगाच असं करायचे नाहीत, हे तिला सुरुवातीपासून ठाऊक होतं.

"लिली?" डॉर्कसने विचारलं.

"मला त्यांचा वास सोसत नाही," म्युरिएल म्हणाली.

डॉर्कसचे डोळे भरून आले होते. तिने ते लपवले नाहीत. त्या खड्ड्याच्या काठावर कुणीतरी टोपी काढून उभं आहे असं तिला इतकं स्पष्ट वाटलं की तिने तिकडे मान हलवली. सांगितलं नाही हं बाबा. एक अक्षर सांगितलं नाही.

क्रॅब बाई कोपरापर्यंत मातीने माखून वर आल्या आणि तिच्या खुर्चीपाशी येऊन थांबल्या. खड्ड्याकडे पाहिलं, उपटलेल्या रुबार्बकडे पाहिलं, मग डॉर्कसकडे. बाकीच्यांना ऐकू जाणार नाही अशा आवाजात त्यांनी विचारलं,

"मिस थ्रिप, खरं सांगा. तो तिथे आहे हे तुम्हाला ठाऊक होतं ना?"

डॉर्कसने त्यांना वरपासून खालपर्यंत नीट न्याहाळलं. पिशवी, माती, शहाणे बूट.

"तुम्ही जर्मन नाही कशावरून?" ती म्हणाली.